उमरेडच्या मामांकडचं रडणं

कप आधी खाली ठेवा वं, नाहीतर ठसका लागेल.

सिरियलमधलं माझं काम तुम्हाले माहीतच आहे. मोलकरीण! मालकीण ओरडली की मी भोकाड पसरायचं अन् लोकांनी हसायचं. कित्येक वर्षं तेच करून राहिली.

मागच्या महिन्यात उमरेडचे मामा गेले. मले नाटकात जाऊ द्या म्हणून बाबांशी भांडणारे तेच एकटे होते. मामाले तसं निजलेलं पाहिलं अन् मले आवरलंच नाही. मोठ्यानं रडली. तर मागं कोणीतरी फिसकन हसलं. मग दुसरी हसली. एकीनं तर मोबाइलच काढला.

"काहून हसून राहिल्या वं? माझे मामा गेले!" मी ओरडली.

त्या आणखीनच हसल्या. म्हणे, "सेम टीव्हीसारखं!"

म्हटलं, निदान मामीले तरी समजेल. तिच्याजवळ जाऊन बसली. मामीनं डोळे पुसले, माझा हात घट्ट धरला अन् हळूच म्हणाली, "मंदे, सावनेरवाले आत्ताच उतरले वं गाडीतून. त्यांचं पाहायचं राहिलं. एकदा पुन्हा रड ना."

आता तुमच्याजवळ खोटं काहून बोलू? दुसरा टेक जास्त चांगला झाला.