फीत कापणारा माणूस

संशोधिका : सकाळी दहा चाळीसला नगराध्यक्षांनी पुलाची फीत कापली. हे चित्रण तुमचंच ना, काका?

कॅमेरामन : फिल्मच्या डब्यावरचं अक्षरसुद्धा माझंच.

संशोधिका : मग सावल्या गिरणीकडे कशा? सकाळी त्या उलट्या बाजूला पडतात. आज दहा चाळीसला मी स्वतः पुलावर जाऊन उभी राहिले.

कॅमेरामन : पन्नास वर्षांत सावल्या बघणारी तू पहिलीच गं. बाकी सगळे टोपी बघतात.

संशोधिका : काका!

कॅमेरामन : आदल्या संध्याकाळचं आहे. दुसऱ्या दिवशी मेव्हण्याचं लग्न. मी एकटा, कॅमेरा एक. मंडप ठोकणाऱ्या सुताराला कोट-टोपी चढवली, हातात कात्री दिली. काय रुबाब होता त्याचा!

संशोधिका : नगराध्यक्षांना कळलं नाही?

कॅमेरामन : पडद्यावर बघून म्हणाले, बरा दिसतोय मी. त्यांच्या पत्नींनी तर त्यातलाच फोटो दिवाणखान्यात लावला. म्हणाल्या, इतक्या वर्षांत पहिल्यांदा हसलेत.

संशोधिका : आणि चौकातला पुतळा?

कॅमेरामन : त्याच फोटोवरून.

संशोधिका : थांबा, आमच्या माहितीपटाच्या दिग्दर्शकांना फोन लावते. साहेब, स्पीकरवर आहात.

दिग्दर्शक : पटकन बोला. पाचला सिनेमा बाहेर जातोय. पडद्यावरचा माणूस नगराध्यक्षच, या दाखल्यावर तुमची सही तेवढी राहिलीय.

संशोधिका : तो सुतार आहे.

दिग्दर्शक : पुतळ्यासारखा दिसतो ना?

संशोधिका : पुतळा त्याच्यासारखा दिसतो.

दिग्दर्शक : म्हणजे दिसतो. झालं तर!

संशोधिका : मागच्या सिनेमात भलत्याच धरणाचं चित्रण खरं म्हणून सही करून बसले. आता परत चुकले, तर मला कुणी दारात उभं करणार नाही.

दिग्दर्शक : मग दुसरं चित्रण आणा.

कॅमेरामन : दुसरं नाहीच हो. लग्न होतं.

दिग्दर्शक : कुणाचं लग्न? ते जाऊ दे. सुताराची संमती घ्या. त्याची हरकत नसेल, तर तो नगराध्यक्ष. ठेवतो.

संशोधिका : ठेवला! काका, तो सुतार आहे का अजून?

कॅमेरामन : आहे की. रोज पुतळ्याखाली बसतो.

संशोधिका : आणि कुणी ओळखत नाही?

कॅमेरामन : मध्यंतरी नगराध्यक्षांच्या नातवानं उठवलं त्याला. म्हणाला, आमच्या आजोबांना टेकू नका.

(पावणेपाच वाजता. कॅमेरामन चौकातून फोनवर.)

कॅमेरामन : भेटला. संमतीचा कागद वाचून दाखवला.

संशोधिका : काय म्हणाले?

कॅमेरामन : आधी चित्रण दाखव म्हणाला. तू मोबाइलवर पाठवलेलं दाखवलं. दोनदा बघितलं त्यानं.

संशोधिका : मग?

कॅमेरामन : म्हणाला, कात्री बोथट होती.

संशोधिका : काका, पंधरा मिनिटं राहिलीत. सही करतायत का ते?

कॅमेरामन : पेन उघडून बसलाय. कुणाच्या नावानं करू, विचारतोय.