क्लोजअपचा क्यू

माझं माहेर पिंपळगाव बसवंत. दहावीनंतर मी पॅकहाऊसमध्ये द्राक्षांच्या पेट्या भरायचे, मग लग्न होऊन नाशिकला आले. नाटकात आले ती आमच्या ह्यांच्यामुळं, हे एका हौशी संस्थेची लाइट लावायचे आणि मी डबा घेऊन तालमीला जायचे. एक दिवस आईचं काम करणारी बाई आली नाही. दिग्दर्शकांना सगळे सर म्हणायचे, ते म्हणाले, वहिनी, नुसत्या उभ्या राहा आणि वाचा. मी वाचलं ते गावाकडच्या बोलीत. सगळे हसले, सर नाय हसले. म्हणाले, हीच आई. मी तेव्हा सव्वीस वर्षांची, आणि नाटकातला माझा मुलगा माझ्याहून दहा वर्षांनी मोठा.

काय सांगू तुम्हाला, ती म्हातारी मी उभी केली. संहितेत ती पुस्तकी बोलायची, मी तिला आमच्या चुलतीचं चालणं दिलं, पदरानं तोंड पुसणं दिलं, हाय-नाय दिलं. स्पर्धेत बक्षीस मिळालं, मुंबईचा निर्माता आला, नाटक व्यावसायिक करायचं ठरलं. मग सर घरी आले, चहा घेतला, म्हणाले, तुमची भाषा संहितेत नीट उतरवायचीय, सगळी भूमिका टेपवर बोलून द्या. मला लय सर्दी झालेली, तरी बसले आणि कॅसेट भरून दिली. मूर्खपणा दुसऱ्या कुणाचा नाय, माझाच. महिन्याभरानं कळलं, भूमिका मुंबईच्या एका बाईंना दिली. विचारलं तर सर म्हणाले, पोस्टरवर तुमचा चेहरा चालत नाय हो.

नाटक नाशिकला आलं तेव्हा मी तिकीट काढून तिसऱ्या रांगेत बसले. मुलगा घर सोडून जातो तिथं त्या बाई थांबल्या आणि दोनदा खोकल्या. संहितेत खोकला कुठंच नव्हता. तो माझ्या सर्दीचा खोकला, त्यांनी तोही पाठ केलेला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. हे म्हणाले, चल घरी. मी म्हटलं, नाय, शेवटपर्यंत बघते.

त्यानंतर मिळेल ते केलं. मोलकरीण, नर्स, सरपंचीण, सिनेमातली रडणारी शेजारीण, कुणाला नाय म्हटलं नाय. दहा-बारा वर्षांनी मालिकेत सासूचं काम मिळालं आणि मालिका चालली. शूटिंग इथंच, गंगापूर रोडच्या बंगल्यात. एक दिवस सर आले, माझ्या व्याह्याचं काम करायला. केस पांढरे, हातात संवादाचा कागद. म्हणाले, वहिनी, ओळखलं का? मी वाकून नमस्कार केला.

आमच्यात एक रीत हाय. समोरच्याचा क्लोजअप असला की आपण दिसत नसतो, तरी कॅमेऱ्याच्या बाजूला उभं राहायचं, त्याच्या डोळ्यात बघायचं आणि आपली वाक्यं बोलायची. त्याला क्यू देणं म्हणतात. एका वाक्याचं काम असलेल्यालाही मी तो दिलाय. सरांचा क्लोजअप लागला आणि मी मेकअप रूममध्ये जाऊन बसले. असिस्टंट मुलगी बोलवायला आली. म्हटलं, पाय दुखतात, तूच वाच. तिनं किराण्याची यादी वाचावी तसं वाचलं. सरांना माझ्याकडं बघून, मुलीच्या संसारासाठी हात जोडून रडायचं होतं, आणि समोर मी नव्हते. चार टेक झाले, अकरा झाले. मी दार उघडं ठेवलेलं, सगळं ऐकू येत होतं. शेवटी मालिकेचे दिग्दर्शक म्हणाले, काका, राहू द्या. दुसऱ्या दिवशी कथेत व्याही कायमचे गावी गेले.

जाताना सर दाराशी आले, म्हणाले, वहिनी, पाच मिनिटं उभ्या राहिला असता तर झालं असतं.

मी म्हटलं, हो, झालं असतं.

हे म्हणतात, माफ कर म्हाताऱ्याला. मला नाय जमत, आणि जमत नाय त्याचं वाईटही वाटत नाय. सर आता घरीच असतात म्हणे. देवानं त्यांना शंभर वर्षं आयुष्य द्यावं, नजर शाबूत ठेवावी. मी रोज संध्याकाळी सातला टीव्हीवर असते.