काचेजवळची गादी

नाही नाही, उठू नका — आत्ता कुठे पाठ टेकलीत, गादीला माणूस कळायला जरा वेळ लागतो — आणि बोलू तर अजिबात नका, बोललं की मान आखडते, मान आखडली की खांदे, आणि खांदे आखडले की तुम्ही म्हणणार गादी कडक आहे. गादी कडक नसते हो साहेब, माणूस कडक असतो. पाय सोडा. बूट काढलेत ना? मोजे राहू द्या. हां, असे सैल. आता कमरेखाली हात घालून बघा — जातो? नाही ना जात? म्हणजे कंबर टेकली. बाकीच्या दुकानांत काय करतात, गिऱ्हाईक येतं, दोन बोटांनी गादी दाबतं, आंबा पिकलाय का बघावं तशी, आणि घेऊन जातं, मग वर्षभर पाठ धरून हिंडतं. माझ्याकडे तसं नाही. माझ्याकडे झोपून बघायचं. निवांत. मी आहेच इथे, मला कुठे जायचंय?

काय? इथेच का, काचेजवळ? — उजेड आहे म्हणून. आत सगळा अंधार. हो, आतली पण हीच आहे म्हणा, तीच कंपनी, तोच फोम, पण इथली जरा — इथली बरी आहे, ऐका माझं. रस्त्यावरून लोक बघतात? बघू द्या की! तुम्ही काय चोरी करताय? डोळे मिटा, म्हणजे कुणी बघत नाही.

डॉक्टरांनी सांगितलं असेल ना, गादी बदला म्हणून? सगळ्यांना तेच सांगतात. मला नाही सांगितलं, गादीवाल्याला काय सांगणार. मला म्हणाले, तुम्हाला काहीही झालेलं नाही. साखर नाही, रक्तदाब नाही, छातीचा आलेख एकदम पहिल्या नंबरचा. मी म्हटलं, डॉक्टर, पण बरं वाटत नाही. कुठे दुखतंय? दुखत नाही हो कुठेच. मग? मग काय — मग त्यांनी पुढच्या पेशंटला हाक मारली. त्यांचंही बरोबरच आहे. घर स्वतःचं, मुलगी मार्गी लागली, दुकान चालतंय, बायकोशी भांडण नाही — तक्रार करायला तोंडच नाही मला. कुणाला सांगायची सोय नाही की बाबा, सगळं जागच्या जागी आहे आणि मी एकटाच घरभर काहीतरी शोधल्यासारखा हिंडतोय. रात्री ही शांत झोपते, आणि मी फ्रिज उघडतो, बंद करतो. उघडतो, बंद करतो. भूक नसते हो. उजेड लागतो तेवढाच.

मुलीच्या ऑफिसात एक बाई येतात, लोकांनी सुखी कसं व्हावं ते शिकवायला — पगारी! — मी पोट धरून हसलो. तर मुलगी फोनवर म्हणते, बाबा, हसू नका, त्यांनी विचारलेलं मी तुम्हाला विचारते, तुम्ही शेवटचं नवीन काय शिकलात? मी म्हटलं, हात्तिच्या, त्यात काय, मी — आणि आठवेचना. शेवटी म्हटलं, मोबाईलवरून पैसे पाठवायला शिकलो की. ती म्हणाली, ते मी शिकवलं, आणि अजून दर वेळी मलाच फोन करता. तेव्हापासून जी डोक्यात भुणभुण लागलीय ना — कूस बदला बघू. डावीकडे. नाही, थांबा, सरळच झोपा, सरळ झोपलं की लांबून माणूस दिसतो कसा — म्हणजे — कमरेला बरं असतं हो, दुसरं काय.

मी कुठे बघतोय रस्त्याकडे? सवय आहे ती. दुकानदाराचा एक डोळा बाहेर असतोच. — चहा मागवू? मागवतो. नको? बरं, नको तर नको, पण उठू नका.

आता आमच्या हिचं बघा. ही शाळेच्या कचेरीत होती, पोरांचे दाखले, फिया, हेच सगळं, जन्मभर. दोन वर्षांपूर्वी आमच्या वरच्या मजल्यावर एक कुटुंब राहायला आलं, त्यांची मुलगी दहाएक वर्षांची, जन्मापासून ऐकू येत नाही. जिन्यात भेटायची, हातांनी काहीतरी विचारायची, ही आपली नुसती हसायची. एक दिवस घरी आली आणि म्हणाली, लाज वाटते मला, पोर रोज काहीतरी विचारते आणि मी माकडासारखी हसते. झालं. ती भाषा शिकायला निघाली — हातांची. या वयात! मी म्हटलं, बोटं वळायची नाहीत तुझी. वळली हो. भाजी चिरताना मध्येच सुरी ठेवायची आणि बोटं वळवायची, आंघोळीला जाताना बोटं, टीव्हीसमोर बोटं. मग ती मुलगी यायला लागली, मग तिच्या मैत्रिणी, आणि आमच्या टेबलाभोवती हा एवढा हशा — आवाज नाही, नुसता हशा — आणि मी मध्ये बसलेला, हातात पेपर, विनोद काय झाला ते मला कुणी सांगेना. म्हणजे सांगितलं असतं, मी विचारलं असतं तर. मी विचारलं नाही. मी आत जाऊन टीव्हीचा आवाज वाढवला. त्यांना काय फरक पडणार होता, म्हणा!

त्या मुलीने मला नाव ठेवलंय. म्हणजे त्यांच्यात ते असतंच, प्रत्येकाला एक खुणेचं नाव, अक्षरं जुळवत कोण बसणार. हिचं नाव गालावर बोट, खळी पडते म्हणून. माझं? हे बघा — पाची बोटं गालाशी, आणि उघडमीट, उघडमीट. चोच! बडबड करतो म्हणून. एकही शब्द ऐकू न येता तिला कळलं बघा, हा माणूस थांबत नाही. मला राग आला होता. आता — आता नाही येत.

ती बॅग? कुठली? ती, काउंटरखालची — नमुने आहेत त्यात. कापडाचे. पायाला लागली का तुमच्या मघाशी? सॉरी हं. सरकवतो. — बाही? शर्टाची बाही बाहेर आलीय? दिसली तुम्हाला. बरं, शर्ट आहेत. चार शर्ट, दाढीचं सामान, झालंच तर ती पातळ उशी, मला दुसरी चालत नाही. सकाळी हिच्या आधी उठून भरली आणि हिला न दाखवता आणली. का नाही दाखवली? दाखवली असती तर मग जावंच लागलं असतं ना!

ऐकू न येणाऱ्या मुलांची निवासी शाळा आहे, लांबच्या गावी. त्यांनी हिला बोलावलंय, वर्षभर राहा म्हणाले. दोघांना खोली आहे. ही मला म्हणाली, चल. दुकान तुझा पुतण्या बघेल, नाहीतरी तोच बघतो. मी म्हटलं, तिथे मी काय करू? ती म्हणाली, माहीत नाही, तिथे गेल्यावर बघू. माहीत नाही! असं कुणी घर सोडतं का हो? मला विकता येतं, बोलता येतं, तिसरं काही येत नाही, आणि तिथे बोलून उपयोग नाही. एकदा गेलो होतो ना मी हिच्याबरोबर, त्यांच्या संमेलनाला. हॉल भरलेला, दोनशे-तीनशे माणसं, आणि चिडीचूप. सगळे हात नुसते उडतायत. मला तहान लागली, पाणी कुठे आहे ते विचारता येईना. माझ्या गावात मी कुणालाही काहीही विकेन, आणि तिथे पेलाभर पाणी मागता येईना मला! शेवटी एक आजोबा आले, माझ्या तोंडाकडे बघितलं, मनगट धरलं आणि नळापाशी नेऊन उभं केलं. मी प्यायलो. त्यांनी ओंजळीने विचारलं, अजून? मी मान हलवली. बस, एवढंच बोलणं दिवसभरात. आणि त्या रात्री, साहेब, त्या रात्री मी झोपलो. साध्या सतरंजीवर. असा झोपलो की हिने हलवून उठवलं. एवढं बरं वाटलं होतं मला — आणि म्हणूनच मी परत गेलो नाही. इतकी वर्षं बोलतोय ते मग कशासाठी, असा प्रश्न पडला असता. पडलाच. अजून पडलाय.

उठताय? का? नका उठू, हात जोडतो, पाचच मिनिटं. समोर तो बसचा थांबा दिसतो ना? निळी छत्री मिटून धरलेली बाई, पायाशी बॅग — बघू नका, पडून राहा! — तीच आमची ही. म्हणाली, मी समोरच उभी राहीन. यायचं ठरलं तर शटर ओढून ये. दुकानात गिऱ्हाईक असलं तर मी समजून घेईन, तुझा नाइलाज आहे. ती असंच बोलते, समोरच्याला पळवाट ठेवून. आणि आज सकाळपासून कुत्रं फिरकलं नाही दुकानात! मग तुम्ही आलात. तुम्हाला आतल्या गादीवर झोपवलं असतं तर तिला दिसला असतात का? आता कळलं ना सगळं? तर मग पडून राहा. तुम्हाला काय, पाठ टेकायचीय तेवढीच. निम्म्या किमतीत देतो, नाहीतर फुकट न्या, पण बस जाईपर्यंत —

उठलात. छान. आता मी तिला काय दाखवू?

बघतेय ती. गादीकडे बघितलं तिने, तुमचा खळगा पण अजून तसाच आहे त्यात. आणि आता — हात वर केला. गालाशी नेला. बघा, बघा — उघडमीट. चोच. माझं नाव घेतेय, भर रस्त्यात, सगळ्यांसमोर. रागावली नाहीये. हसतेय. बोलवतेय मला. — तुम्ही बॅग कशाला उचललीत? ठेवा खाली. ठेवा म्हणतो ना! दार कशाला धरलंय, थंड हवा बाहेर जाते — थांबा. आली बस. आता दिसत नाही ती. बस मध्ये आली ना, आता कसं दिसणार. लोक चढतायत. बराच वेळ थांबते बस इथे, ड्रायव्हर पाणी भरून घेतो बाटलीत, पळत गेलं तर अजूनही — म्हणजे एखादा पळणारा असला तर. तुम्ही बघा. मी नाही बघत. हलली? बोला की! मघाशी बोलू नका म्हटलं म्हणून आता तोंडच शिवलंत?

हलली.

गेली. थांबा मोकळा. — तर काय म्हणत होतो, ही सहा इंची आहे, आठ इंचीही येते, पण तुमच्या वजनाला सहा पुरे, दहा वर्षं खळगा पडणार नाही, बघा ना, तुमचा भरलासुद्धा, कुणी झोपलं होतं असं वाटतंय का? कव्हर धुता येतं. गादी उद्याच घरी — काय? दुसरी बस? आहे ना. सकाळी आहे, संध्याकाळी आहे. रोज असते हो, उद्या आहे, परवा आहे, रोज समोर येऊन थांबणार, हाच तर सगळा त्रास आहे. — तुम्ही बूट घाला आणि जा बघू. गादी नको तुम्हाला, घरची बरी असेल. जा.