हातभर भिंत

नीलिमा : आबा, इथली जागा कुठं गेली?

जालिंदर : कुठली गं?

नीलिमा : दाराच्या उजव्या हाताची. हातभर चौकोन होता, नुसत्या विटा दिसत होत्या.

जालिंदर : ती व्हय! भरून टाकली की. काल दुपारी, तू पुण्याला गेलीवतीस तवा. जोड कुठं दिसतोय का बघ. हुडकून दाव, शंभर रुपयं देतो.

नीलिमा : आबा, काय केलंत हे!

जालिंदर : काय केलं? आष्ट्यासनं हितं शिरवळला आलो ते तुझं काम बघाय. चार दिस झालं, बघतोय. गोल हॉल लय झ्याक. गोल भितीला गिलावा मारणं म्हंजे ख्याळ न्हाई. मदी वटा, भवतीनं बाकं, वर बारा खिडक्या. म्हणलं, पोरीनं नाव काढलं. आन दारातच ही खोट! आज सांच्याला ही ज्यू मंडळी पयल्यांदा प्रार्थनेला येणार. पयली नजर तितंच जाणार. म्हणतील, गवंड्याची पोर आर्किटेक्ट झाली आन भित उघडी ठिवली.

नीलिमा : ती खोट नव्हती. मीच सोडली होती. नकाशात आहे ती.

जालिंदर : उघडी भित नकाशात? येडी का काय तू?

नीलिमा : त्यांची रीत आहे आबा. यांचं एक मोठं मंदिर होतं, यरुशलेमला. दोन हजार वर्षांपूर्वी पाडलं. तेव्हापासून नवीन वास्तू बांधली की दाराजवळ हातभर भिंत तशीच सोडायची. आनंदाच्या जागी तेवढी आठवण ठेवायची.

जालिंदर : आसं बी आस्तंय? आपल्या विहाराचा गिलावा म्याच मारलाय. हातभर सोडला आस्ता तर लोकांनी मला तितंच आडवा केला आस्ता.

नीलिमा : हसू नका. माझं स्वतःचं हे पहिलं काम. या वृद्धाश्रमात बारा म्हातारी माणसं आहेत. मुलं सगळ्यांची इस्रायलला. दिवसभर काय करणार, म्हणून शेजारी हे प्रार्थनाघर. मी सहा महिने त्यांच्यात येऊन बसले. मोझेलबाई म्हणाल्या, जुन्या सिनेगॉगमध्ये बायका वर माडीवर बसायच्या, आता आमचे गुडघे चढत नाहीत. म्हणून सगळी बाकं खाली घेतली. एलिझरकाका म्हणाले, छत कसं, उजेड कुठून, सगळं तू ठरव. त्यांनी एकच गोष्ट मागितली. आणि तीच तुम्ही भरून टाकलीत.

जालिंदर : मग आदी सांगायचं न्हाई व्हय?

नीलिमा : तुम्ही विचारायचं नाही?

जालिंदर : गवंड्यानं उघडी भित बघायची आन इचारत बसायचं?

नीलिमा : घरी बरी उघडी भिंत चालते तुम्हाला! सैपाकघरातली अर्धी भिंत पाच वर्षं तशीच आहे. म्हणे तिच्यासाठी सवड नाही. आणि इथं तासाभरात थापी चालवलीत.

जालिंदर : तिचा हितं काय संबंध?

नीलिमा : काही नाही. पण मला लाज वाटते हो, पाहुणे आले की.

जालिंदर : ... बरं, आता काय करायचं ह्येचं? ऱ्हाऊ दे की. एलिझरकाकांना डोळ्यांनी दिसत न्हाई म्हंतीस. कुणाला कळतंय?

एलिझर : (बाहेरून येत) नीलिमा बाळ, तूच ना? नाही, हात धरू नकोस. आज दार माझं मीच शोधणार. दगडी पायरी... ही चौकट. आता उजवा हात.

(एलिझरकाका भिंतीवरून तळवा फिरवत राहतात.)

एलिझर : अजून पुढे आहे का गं?

नीलिमा : काका, ते...

जालिंदर : म्या भरली ती, काका. मी जालिंदर, हिचा बा. हिचा काय बी दोष न्हाई. मला वाटलं, पोरीच्या कामात खोट ऱ्हायली.

एलिझर : असं होय. जालिंदरराव, हात मात्र सुरेख आहे तुमचा. लोणी लागतंय.

जालिंदर : लाजवू नगासा.

एलिझर : खरंच सांगतो. आमच्या पेणच्या घरी दाराजवळ अशी जागा होती. आई बाहेर पडताना तिथे हात लावायची, मलाही लावायला सांगायची. म्हणायची, खरखरीत लागलं की ध्यानात राहतं. नजर गेल्यावर वाटलं, इथे रोज येताना हात तरी लागेल. पण असू दे. तुम्ही प्रेमानं केलंय. देव काही रागवायचा नाही.

नीलिमा : उद्या काढता येईल ना, काका?

एलिझर : उद्या शब्बाथ, आमचा विश्रांतीचा वार. आज सूर्य बुडला की उद्या अंधार पडेपर्यंत हातोडीला हात नाही लावायचा. रविवारी बघू.

जालिंदर : म्हंजे पयली प्रार्थना तशीच?

एलिझर : तशीच.

जालिंदर : नीलिमा, किती वाजलं?

नीलिमा : सव्वाचार.

जालिंदर : माझी छन्नी आण. हातुडा बी. गिलावा कालचाच हाय, अजून कच्चा. काका, पाठीमागं सरा, डोळ्यात धूळ जाईल.

एलिझर : गेली तरी काय बिघडतंय आता!

जालिंदर : चाळीस वर्षं गिलावा मारतोय. दुसऱ्याचा फोडलाय, सवताचा कवा न्हाई. ह्या, पयला घाव लय जीवावर आला बगा.

नीलिमा : द्या आबा, मी करते.

जालिंदर : गप बस. मारलाय म्या, फोडणार बी म्याच... झालं. विटा निघाल्या. आता कडा सरळ करतो, तुझ्या नकाशासारक्या.

एलिझर : थांबा. हात लावू द्या. इथून फुटलाय... इथे टवका... जालिंदरराव, कडा अशाच राहू द्या. पाडल्यासारखं लागतंय.

नीलिमा : मी तर पट्टी लावून चौकोन काढला होता.

एलिझर : तो चांगलाच होता, बाळ. हे जरा जास्त आमचं झालं. तुमच्याकडे असते का हो अशी जागा?

जालिंदर : आमच्यात रीत न्हाई. पर माझ्या घरी हाय.

नीलिमा : आपल्या घरी?

जालिंदर : सैपाकघरात. वरची अर्दी भित मारून झालीवती. माल कालवायला कायम हिची आई, अंजना. तिच्या हातचा माल म्हंजे पाणी ना कमी, ना जास्त. त्या दिशी, ही पुण्याला शिकाय हुती तवा, घमेलं उचलून दिलं, खाली बसली, म्हणाली छातीत दुखतंय. मिरजंला न्हेईस्तवर संपलं. पुढं दुसऱ्यानं कालवलेला माल त्या भितीला लावावा, आसं मन झालं न्हाई. तुला काय सांगायचं, म्हणून सवड न्हाई म्हणायचो.

नीलिमा : आबा... मला वाटायचं तुम्ही आळस करता. दसऱ्याच्या आत आप्पासो गवंड्याला लावून भरून घेणार होते मी. त्याला बोललेय सुद्धा.

जालिंदर : ठावं हाय. त्यानं सांगितलं मला.

नीलिमा : आणि तुम्ही काहीच बोलला नाहीत?

जालिंदर : तुला लाज वाटत हुती न्हवं.

एलिझर : चला, मोझेलबाई दिवे लावतील आता. जालिंदरराव, आज आमच्यात बसा. बाकं तुमच्या पोरीनं पुष्कळ ठेवलीत.

जालिंदर : हात-पाय धुऊन आलोच. नीलिमा, मग आप्पासोला काय सांगणार?

नीलिमा : येऊ नको म्हणून.

जालिंदर : आन पाव्हण्यांनी इचारलं तर?

नीलिमा : सांगेन, नकाशात आहे.