झाबीनला द्यायचं उत्तर

– छे छे, हेमाताई, बसा, चहा घ्या, पण भाषण नाही. मात्वेय झाबीनवर पुण्यात बोलू शकेल असा मी एकटाच उरलोय म्हणता – अहो, तेव्हाही एकटाच होतो! एकाहत्तर साली तुमच्याच फिल्म क्लबात लागला होता तो रशियन सिनेमा. झाबीन त्यात नावाडी. अख्ख्या युद्धात माणसं पैलतीराला पोचवतो आणि शेवटी नावेत तोच एकटा उरतो. नाव घेण्यासारखं तेवढंच एक काम त्यानं आयुष्यात केलं. मी तेवढंही केलं नाही, ते सोडा.

प्रेक्षक सात. त्यातले दोघं झोपलेले. मी खडकीच्या दारूगोळा कारखान्यात कारकून, संध्याकाळी रशियन शिकत होतो – शिकलेलं कुठेतरी वापरावं म्हणून झाबीनला पत्र लिहिलं. लिहिलं, नऊशे माणसं उभी राहून रडली. आता पाचजण जागे होते हे कळवायला परदेशी तिकीट कोण लावतं?

तर उत्तर आलं! म्हणे, इथे मला कुणी काम देत नाही, त्या नऊशेंपैकी पन्नासेक जणांच्या सह्यांचं पत्र पाठवा, स्टुडिओत दाखवीन. – पाठवलं का नाही? अहो, संरक्षण खातं! परदेशी पत्रव्यवहाराला परवानगी लागते, ती मिळाली नाही – म्हणजे, मी मागितली नाही. अर्जाला आधीच्या पत्राची प्रत जोडावी लागते, आणि आधीचं पत्र परवानगीशिवाय गेलेलं, वर त्यात ती नऊशेंची थाप. बढती तोंडावर होती. शेजारच्या टेबलावरचा शमशुद्दीन म्हणाला, "आणा इकडे, पंचवीस सह्या उजव्या हातानं करतो, पंचवीस डाव्या." मी त्याला नियम वाचून दाखवला.

मग झाबीनचं दुसरं पत्र आलं. सह्या राहू द्या, तुम्ही एकट्यानं लिहिलंत तरी चालेल. – नाही, त्यानंतर आलं नाही.

बढती? मिळाली ना. परदेशी पत्रव्यवहाराच्या अर्जांचंच टेबल मिळालं. चौदा वर्षांत दोन अर्ज आले, दोन्ही त्याच दिवशी वर पाठवले. कुणी कौतुक केलं नाही.

काय छापलंय तुमच्या पत्रकात? द्या बघू – "हयातीत या नटाची कुणीही दखल घेतली नाही." – नका, नका खोडू. बरोबर आहे. तसंच राहू द्या. आणि जाताना दार ओढून घ्या.