डावा कान

सिकंदराबादच्या कानाच्या दवाखान्यात नीलिमा आपल्या नंबरची वाट पाहत होती. शेजारी सैन्यातले एक निवृत्त हवालदार आणि त्यांची बायको बसली होती.

"डॉक्टरला सांगा, बंदुकीनं कान गेला," बायको म्हणाली.

"कोणत्या, तेही सांगावं लागतं. थ्री-नॉट-थ्रीनं नाही. तिचा बोल्ट दर गोळीला ओढावा लागायचा. तेवढ्यात दुश्मनाला पळता यायचं, आपल्यालाही."

"मग?"

"मग एसएलआर आली. नुसतं बोट दाबत राहायचं. लढाईत विचार करायला वेळच उरला नाही."

"घरी तरी कुठं करत होता?"

"काय म्हणालीस?"

"पंखा जोरात आहे म्हणाले."

"डावीकडून बोलू नको. गोळी सुटताना तोच कान नळीकडं असतो. तोच गेला."

"लग्नात मला डावीकडं बसवलं, तवापासून तिथूनच बोलते."

नर्स फॉर्म घेऊन आली. "आजोबा, डाव्या कानाला मशीन आजच बसवायचं ना?"

"हौ, बसवा."

बाईंनी नर्सला जवळ ओढलं. "आज नक्को गं. पुढच्या सोमवारी बसव. पन्नास वर्षं त्या कानाशी मनातलं बोलतेय. जीभ आवरायला चार दिवस तरी दे."