टॅक्सीवाला परक्या भाषेत बोलतो

—छे छे, पुढे पळवू नकोस, हा सीन पूर्ण बघ, यात मी दोन मिनिटं चाळीस सेकंद जिवंत आहे, एवढा वेळ मला सहसा कुणी देत नाही. तो गुलाबं विकतोय ना हॉटेलात — मीच तो. आणि ‘सर’ काय गं म्हणतेस सारखं? काका म्हण. एकतीस वर्षं काढली जर्मन टीव्हीवर — अकरा वेळा टॅक्सीवाला, सहा वेळा गुलाबवाला, तीन वेळा प्रेत — प्रेताचं बरं असतं, पाठांतर नाही — आणि एकदाच डॉक्टर, तर त्यालाही शेवटी अटक झाली. आल्झो, म्हणजे तर, आलो होतो एर्लांगेनला धातुशास्त्र शिकायला. आई कुडाळात सगळ्यांना सांगायची, झिलगो मोठो इंजिनेर हा, आणि झिलगो इकडे पगडी घालून करी वाढतोय.

हां, तुझं काम. ती पोलिसांची जुनी मालिका पुन्हा दाखवणार, आणि इतकी वर्षं माझ्या तोंडाखाली नुसतं लिहून यायचं, ‘परक्या भाषेत बोलतो’. आता त्यांना खरं भाषांतर हवंय, म्हणून युनिव्हर्सिटीतून मराठी येणारी तू सापडलीस. गेनाऊ, अगदी बरोबर. पण ज्ञानदा, बाई, तुला म्हणून सांगतो — ते संवाद कुणी लिहिलेच नव्हते. डायरेक्टर म्हणायचा, हेर खानोलकर — हेर म्हणजे यांचं श्रीयुत — इथे काहीतरी भारतीय बोला, भावना असू द्या. मग मी बोलायचो. हा बघ, नदीकाठी प्रेतापुढे प्रार्थना — चेहरा बघ किती गंभीर! — ते आमच्याकडे देवाला घालतात ते गाऱ्हाणं आहे. ‘बा देवा म्हाराजा, ह्या डायरेक्टराक वायच अक्कल दी, कॅन्टीनच्या सुपात मीठ पडांदे, आणि कोणी परत टेक मागल्यान तर तेच्या बुडाक मुंगळे लाव रे म्हाराजा!’ आणि मागे ते आठ जर्मन, मी शिकवलं तसं, हात जोडून — ‘होय म्हाराजा!’ अगं, कॉफी सांडेल. पेपरात आलं होतं, काय खोल दुःख आहे म्हणून.

तर ते सगळं खुशाल लिही, माझी अब्रू आहेच केवढीशी. फक्त एक भाग सोड. चौदावा. तिथे आपलं पूर्वीसारखंच, ‘परक्या भाषेत बोलतो’. का म्हणजे? आमची हाइके — आत केक कापतेय ती — तो भाग लागणार त्या तारखेला तिने कॅलेंडरवर लाल गोल केलाय. तीस वर्षांच्या संसारात नवरा टीव्हीवर काय बडबडत होता ते आता वाचायला मिळणार म्हणून खूश आहे नुसती. रोज मला विचारते, घाबरलास का? नाही गं, हळू कशाला बोलायला हवं? तिला मराठीतलं ओ की ठो कळत नाही. माझी आई — तिला जाऊन सात वर्षं झाली — दर उन्हाळ्यात तीन महिने इथे राहायची, तेव्हा दोघी स्वयंपाकघरात दार लोटून खाणाखुणा करत बसायच्या. मी विचारायचो, काय चाललंय? आई म्हणायची, काय नाय रे, सोलकढी शिकवतंय. आता तीन महिने सोलकढी कोण शिकवतं? पण मी कशाला बायकांच्या मधे पडू!

चौदाव्यात तसं काही नाही. टॅक्सीवाला घरमालकिणीचा निरोप घेतो, एवढंच... बरं, ऐक. दोन हजार नऊ साल. वर्षभर काम नव्हतं. हाइके शाळेत शिकवायची आणि मी तिच्या घरात, तिच्या आजीच्या सोफ्यावर बसून पुढच्या टॅक्सीची वाट बघायचो. लाज वाटायची गं. खरंच लाज वाटायची. आई तिकडे एकटी. मी मंगळवारचं तिकीट काढलं — जायचं फक्त, यायचं नाही. हाइकेला सांगितलंच नाही. जर्मनमध्ये सांगायचा धीर होईना. आणि नेमकं त्या आठवड्यात टॅक्सीवाल्याचं काम आलं, डायरेक्टर म्हणतो, हेर खानोलकर, घ्या निरोप, तुमच्या भाषेत. घेतला. ‘मी चाललो गं. चोरासारखा चाललो. तू वाईट असतीस तर भांडून तरी गेलो असतो.’ एका टेकमध्ये. युनिटने टाळ्या वाजवल्या, आणि मी मेकअपच्या खोलीत जाऊन रडलो.

मग काय, घरी आलो तर ही शिडीवर. शिवणाची खोली रिकामी करून भिंती रंगवत होती, केसात सगळा रंग. म्हणाली, तुझ्या आईला पिवळा आवडेल की पांढरा? एकटी आहे ना ती, उन्हाळ्यात इकडे आण तिला. मी म्हटलं, पिवळा. आणि तिकीट फाडून टाकलं. संपला विषय. आता कशाला कळायला हवं तिला? तो भाग पहिल्यांदा लागला तेव्हा नुसती ‘छान’ म्हणाली होती. सहा वर्षांनी परत लागला तेव्हा मात्र ढसाढसा रडली, उठून आत गेली. मी ऐटीत आईला म्हटलं, बघ, चांगला अभिनय मुरावा लागतो. आईही उठून हिच्या मागे गेली.

तर तू तिथे लिहून टाक, टॅक्सीवाला म्हणतो, सूप छान होतं, येतो आता — आलीस का हाइके, केक ठेव इथेच. तिला मोठा तुकडा दे. ... काय? काय म्हणालीस?

ज्ञानदा, तू ऐकलंस ना? ‘खरा काय ता लिव गो चेडवा.’ हे — हे माझ्या आईचं बोलणं आहे. हा हेल आईचा आहे. हाइके, अगं, कधीपासून? म्हणजे त्या दिवशी तू रडलीस ते —

ज्ञानदा, केक डब्यात घालून घेऊन जा, बाई. सव्वापाचची बस मिळेल तुला. हो, चौदावा लिही. जसा आहे तसा लिही. आणि जाताना दार ओढून घे.